ग्रँडमास्टर किताब: पात्रता, नॉर्मचा हिशेब आणि अर्जाची कागदपत्रे

बुद्धिबळपटू दिव्या देशमुखने जुलै २०२५मध्ये जॉर्जियातल्या बटुमीला महिला विश्वचषक जिंकला, तेव्हा तिच्या खात्यावर ग्रँडमास्टर या बुद्धिबळातल्या सर्वोच्च किताबाचा एकही नॉर्म, म्हणजे एखाद्या स्पर्धेतल्या ठरावीक दर्जाच्या कामगिरीची नोंद, नव्हता. तरी ती ग्रँडमास्टर झाली, कारण त्या स्पर्धेच्या विजेतीला फिडे, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघ, हा किताब थेट देते. त्या बातमीनंतर बऱ्याच जणांचा समज झाला, की एखादी मोठी स्पर्धा मारली की किताब मिळतो. तसं नाही. थेट किताब मोजक्याच जागतिक आणि खंडीय स्पर्धांतून मिळतो. बाकीच्यांना रेटिंग, नॉर्म आणि शेवटी अर्ज, एवढं सगळं करावंच लागतं. अर्जाबद्दल फारसं कुणी बोलत नाही, आणि खेळाडू अडकतात ते बहुतेक तिथेच.

पात्रतेच्या अटी दोनच. फिडेचं क्लासिकल रेटिंग, म्हणजे लांब वेळेच्या डावांतून ठरणारा ताकदीचा आकडा, कधीतरी एकदा २५०० झालेलं असावं. आणि किमान २७ डावांचे नॉर्म जमा असावेत, म्हणजे नऊ फेऱ्यांच्या स्पर्धा धरल्या तर तीन नॉर्म. वयाची अट नाही, शिक्षणाची नाही. रॅपिड आणि ब्लिट्झ या झटपट प्रकारांचं रेटिंग इथे चालत नाही. आधी काय पूर्ण करायचं यालाही बंधन नाही. आर. वैशालीचे तिन्ही नॉर्म आधी झाले होते; २५०० तिने डिसेंबर २०२३मध्ये स्पेनमधल्या स्पर्धेत ओलांडलं.

'कधीतरी एकदा' हे शब्द नीट वाचा. २५०० हा आकडा मासिक यादीत छापून यायलाच हवा असं नाही. स्पर्धा चालू असताना पाचव्या फेरीनंतर तुम्ही तिथे टेकलात आणि पुढचे चारही डाव हरलात, तरी अट पूर्ण झाली. मात्र ते सिद्ध करायची जबाबदारी अर्जदाराची, त्यामुळे त्या दिवसापर्यंतच्या डावांचा हिशेब जपून ठेवा. २४०० ते २५०० हे शंभर गुणांचं अंतर दिसायला लहान दिसतं, पण एकदा २४०० गाठलं की के-फॅक्टर, म्हणजे एका डावाने रेटिंग किती हलू शकतं ते ठरवणारा आकडा, १० होतो. तुमच्याइतकंच रेटिंग असलेल्याला हरवलं तर हाती पडतात ५ गुण. म्हणजे तोलामोलाच्या खेळाडूंशी खेळताना पराभवांपेक्षा साधारण वीस विजय जास्त हवेत. कित्येक चांगले खेळाडू २४८०च्या आसपास वर्षानुवर्षं घुटमळतात, त्याचं हे एक कारण.

आता नॉर्म. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत तुम्ही २६०० किंवा त्याहून वरच्या दर्जाचा खेळ केल्याचा पुरावा. प्रतिस्पर्ध्यांच्या रेटिंगची सरासरी काढायची आणि तुमच्या गुणांच्या टक्केवारीनुसार ठरलेला आकडा त्यात मिळवायचा. नऊपैकी ७ गुणांना २२० मिळतात, ६ गुणांना १२५, ५ गुणांना ४३. म्हणून ७ गुणांवर नॉर्म हवा असेल तर सरासरी निदान २३८० लागते, ६ गुणांवर २४७५, आणि ५ गुणांवर २५५७. २३८० ही तळाची मर्यादाही आहे. सरासरी त्याखाली गेली तर नऊच्या नऊ डाव जिंकूनही नॉर्म होत नाही.

यात एक सवलत आहे. समजा, तुमच्या आठ प्रतिस्पर्ध्यांची सरासरी २४२० आहे, पण पहिल्याच फेरीत १९५० रेटिंगचा खेळाडू वाट्याला आला. सरळ सरासरी २३६८ येते आणि स्पर्धा फुकट गेल्यासारखी वाटते. पण एका प्रतिस्पर्ध्याचं रेटिंग नॉर्मपुरतं २२०० धरता येतं. तसं धरलं की सरासरी २३९६ होते, आणि ७ गुणांवर कामगिरी २६१६. नॉर्म झाला! हा हिशेब स्वतःला येत असेल तर शेवटच्या फेरीत बरोबरी पुरते की जिंकावंच लागेल, हे पटावर बसण्याआधीच कळतं.

नुसते गुण मात्र पुरत नाहीत, समोर कोण बसलं होतं तेही तपासलं जातं. नऊ डावांत किमान तीन ग्रँडमास्टर हवेत आणि निम्म्याहून कमी किताबधारक चालत नाहीत, म्हणजे किमान पाच. कँडिडेट मास्टर हा खालचा किताब या मोजणीत धरत नाहीत. स्वतःचा सोडून आणखी निदान दोन महासंघांचे (म्हणजे देशांचे) खेळाडू हवेत, स्वतःच्या महासंघाचे जास्तीत जास्त पाच, आणि कुठल्याही एका महासंघाचे सहापेक्षा जास्त नकोत. मोठ्या स्वीस स्पर्धेत (जिथे दर फेरीत सारख्या गुणांच्या खेळाडूंच्या जोड्या लावतात) परदेशी खेळाडू भरपूर असतील तर या देशांच्या अटींतून सूट मिळते, पण तीनपैकी एक तरी नॉर्म सूट न घेता केलेला असावा लागतो. स्वीसमध्ये जोड्या आपल्या हातात नसतात. ७ गुण झाले आणि ग्रँडमास्टर दोनच भेटले, असंही होतं. आणि त्यावर काही उपाय नाही.

कागदपत्रांत सगळ्यात महत्त्वाचं आयटी-१, म्हणजे नॉर्मचं प्रमाणपत्र. प्रत्येक नॉर्मचं वेगळं. त्यावर नऊही प्रतिस्पर्ध्यांची नावं, महासंघ, किताब, रेटिंग आणि निकाल असतात, आणि खाली मुख्य पंचांची सही. बक्षीस समारंभाच्या गडबडीत हे राहून जातं. माझं मत विचाराल तर करंडक नंतर घ्या, आयटी-१ आधी. हॉल सोडण्यापूर्वी आपला फिडे क्रमांक, जन्मतारीख, नावाचं स्पेलिंग आणि एकेक निकाल बोटाने वाचून घ्या. पंच आपापल्या गावी गेले की त्यांना गाठून दुरुस्ती करून घेण्यात महिने जातात.

दुसरा कागद आयटी-२, हा प्रत्यक्ष अर्ज. त्यात सगळे नॉर्म, डावांची बेरीज आणि २५०० कधी झालं याची नोंद असते. सोबत स्पर्धांचे निकालतक्ते. हा अर्ज खेळाडू स्वतः पाठवत नाही. त्याचा राष्ट्रीय महासंघ पाठवतो, आणि फिडेकडे शुल्काची जबाबदारीही महासंघाचीच. महासंघाने नकार दिला तर खेळाडूला फिडेकडे दाद मागता येते आणि स्वतः पैसे भरून अर्ज करता येतो. अर्ज तपशिलासह फिडेच्या संकेतस्थळावर किमान ६० दिवस राहतो, म्हणजे कुणाला हरकत घ्यायची असेल तर घेता येते. त्याहून घाई असेल तर जादा शुल्क.

सर्वांत लहान वयात ग्रँडमास्टर होण्याच्या विक्रमांची मोजणी मात्र मंजुरीच्या दिवसावरून होत नाही. अट ज्या दिवशी पूर्ण झाली तो दिवस धरतात. सर्गेई कार्याकिन २००२मध्ये १२ वर्षं ७ महिन्यांचा असताना ग्रँडमास्टर झाला. जानेवारी २०१९मध्ये डी. गुकेशचा तो विक्रम अवघ्या १७ दिवसांनी हुकला. अखेर २०२१मध्ये अभिमन्यू मिश्राने १२ वर्षं ४ महिने २५ दिवसांवर तो मोडला.

नॉर्म जुना झाला म्हणून बाद होत नाही. तो मिळाला तेव्हाच्या नियमांत बसत होता, एवढं पुरतं. किताबही आयुष्यभराचा असतो, पुढे रेटिंग २३००वर आलं तरी नावापुढून जात नाही. फसवणूक सिद्ध झाली तर मात्र फिडे तो काढून घेऊ शकते.