स्काउटिंगली : कानोशापासून बालवीरापर्यंत

'स्काउटिंगली' हे इंग्रजी क्रियाविशेषण रोजच्या वाचनात सहसा भेटत नाही. एखाद्या कथेत कुणी रानवाटेने 'स्काउटिंगली' पुढे सरकतो. एखाद्या जुन्या निबंधात कुणी दुसऱ्याच्या मताबद्दल 'स्काउटिंगली' बोलतो. मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे मात्र दोन्हीकडे गणवेश, गळ्यातला स्कार्फ आणि तीन बोटांची सलामीच उभी राहते. पहिल्या ठिकाणी त्यावर कसंबसं निभावतं. दुसऱ्या ठिकाणी अर्थ पार उलटतो, कारण तिथला 'स्काउट' वेगळ्याच घरचा आहे.

इंग्रजीत 'स्काउट' ही दोन क्रियापदं आहेत. दिसायला सारखी, पण त्यांचं एकमेकांशी नातं नाही. एक जुन्या फ्रेंचमधून आलं. त्याच्या मुळाशी 'अस्कुल्तारे' हे लॅटिन क्रियापद आहे आणि त्याचा अर्थ आहे कान देऊन ऐकणं. डॉक्टर छातीला स्टेथोस्कोप लावून जे करतात त्याला इंग्रजी वैद्यकात 'ऑस्कल्टेशन' म्हणतात, तो शब्दही याच मुळाचा. दुसरं क्रियापद स्कँडिनेव्हियन वळणाचं आहे, त्याचा अर्थ टवाळी करून झिडकारणं. सतराव्या शतकापासून ते इंग्रजीत दिसतं, आणि एकोणिसाव्या शतकातल्या गद्यात एखादी कल्पना 'स्काउट' केली असं वाक्य आलं तर ती कल्पना धुडकावून लावली असंच समजायचं. दोन्हींना 'इंग' आणि 'ली' हे प्रत्यय लागतात आणि रूप एकच होतं. म्हणून या क्रियाविशेषणाला 'कानोसा घेत' असाही अर्थ लागू शकतो आणि 'धुडकावत' असाही.

पहिल्या क्रियापदाचा प्रवास कानाकडून डोळ्यांकडे झाला. रात्री शत्रूच्या तळाजवळ जाऊन ऐकणारा माणूस हळूहळू दिवसाही पाहणारा, मोजणारा, परत येऊन सांगणारा झाला. जुन्या क्रिकेटमध्ये क्षेत्ररक्षकालाही 'स्काउट' म्हणत. ऑक्सफर्डच्या महाविद्यालयांत विद्यार्थ्यांच्या खोल्यांची व्यवस्था पाहणाऱ्या सेवकाचं नाव आजही तेच आहे.

आपल्याकडे हे काम फार जुनं. राजे चारांच्या, म्हणजे हेरांच्या, डोळ्यांनी पाहतात असं संस्कृत सुभाषित सांगतं, आणि कौटिल्य एका जागी राहणारे आणि फिरते असे हेरांचे दोन वर्गच पाडतो. नाशिक जिल्ह्यातलंच एक उदाहरण द्यायचं तर ऑक्टोबर १६७० मधली कांचनबारीची लढाई आठवावी. शिवाजी महाराज सुरतेहून परतत होते, मोगल फौज आडवी येत होती, आणि कोणती तुकडी कोणत्या घाटाने निघाली याच्या बातम्यांवर दोन्ही बाजूंच्या हालचाली ठरत होत्या. या बातम्या आणणाऱ्यांसाठी मराठीत हेर, जासूद, नजरबाज असे शब्द होते.

आजचा 'स्काउट' ज्या वाटेने आपल्या शाळांत आला ती वाट लष्करी छावणीतून निघते. स्काउट चळवळ सुरू करणारे इंग्रज लष्करी अधिकारी बेडन-पॉवेल १८७६ मध्ये लखनौला घोडदळात रुजू झाले. पुढे १८९७ पासून मीरतला असताना त्यांनी निवडक स्वारांना टेहळणीचं वेगळं शिक्षण दिलं. त्या अनुभवावरची त्यांची सैनिकी पुस्तिका १८९९ ची. त्याच वर्षी दक्षिण आफ्रिकेत ते ज्या गावाचा बचाव करत होते त्या मॅफेकिंगला वेढा पडला, तो २१७ दिवस चालला आणि त्यात गावातल्या मुलांनी निरोप पोचवण्याची कामं केली. ऑगस्ट १९०७ मध्ये इंग्लंडमधल्या ब्राउनसी बेटावर वीस-बावीस मुलांचं शिबिर झालं, १९०८ मध्ये मुलांसाठीचं पुस्तक पंधरवड्याला एक भाग असं निघालं. युद्धातली टेहळणी शांततेच्या काळात मुलांना का शिकवायची, याचं उत्तर त्यात होतं: नीट पाहायला शिकलेला मुलगा नीट विचार करतो आणि वेळेवर मदतीला धावतो.

भारतात १९०९ मध्ये बंगळुरूला पहिलं पथक निघालं. ते युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलांसाठी होतं, भारतीय मुलांना दार बंद होतं. त्याच वर्षी २१ डिसेंबरला नाशिकच्या विजयानंद नाट्यगृहात जिल्हाधिकाऱ्यांवर गोळ्या झाडल्या गेल्या. झाडणारा तरुण विशीही न गाठलेला होता. नाशिकच्या या एका घटनेमुळे ते दार बंद राहिलं असं म्हणता येणार नाही, बंगालमधली क्रांतिकारकांची धामधूम आधीपासूनच होती. पण नकाशा वाचणं, माग काढणं, खुणांनी निरोप देणं, उघड्यावर रात्र काढणं, या विद्या भारतीय मुलांच्या हाती द्यायच्या की नाहीत हा प्रश्न सरकार कोणत्या वातावरणात तोलत होतं, ते यावरून कळतं. ही मुलं उद्या क्रांतिकारक होतील, अशी धास्ती होती.

दार उघडत नाही म्हटल्यावर भारतीयांनी स्वतःची पथकं काढली. १९१६ ते १९१८ या काळात मद्रास, कलकत्ता आणि अलाहाबाद इथे वेगवेगळ्या संघटना उभ्या राहिल्या. अलाहाबादच्या संघटनेचा पाया सेवाकार्याचा होता. यात्रेतली गर्दी, हरवलेली माणसं, तहानलेले भाविक हे तिचं मैदान. १९२१ मध्ये बेडन-पॉवेल भारतात आले आणि बहुतेक संघटना एका छत्राखाली आल्या. अलाहाबादवाले बाहेर राहिले. स्काउटने घ्यायच्या वचनामध्ये इंग्लंडच्या राजाचं स्थान कोणतं आणि देशाचं कोणतं, हा कळीचा मुद्दा होता. ज्यांनी त्यावर तडजोड केली नाही त्यांचा हटवाद होता असं लिहिलं जातं, ते मला पटत नाही. मुलाच्या तोंडून जे वचन आयुष्यभरासाठी वदवून घ्यायचं, त्यातला प्रत्येक शब्द त्याला खरा वाटला पाहिजे. १९३७ मध्ये बेडन-पॉवेल पुन्हा आले. भारतीयांच्या स्वभावाबद्दल त्यांनी काढलेले उद्गार इथे जिव्हारी लागले आणि १९३८ मध्ये स्वतंत्र हिंदुस्थानी संघटना उभी राहिली. सगळे एकत्र आले ते ७ नोव्हेंबर १९५० रोजी. मुलींची संघटना १५ ऑगस्ट १९५१ रोजी त्यात मिळाली. वचनात राजाच्या जागी देश आला, आणि 'ईश्वर' म्हणायचं नसेल त्याला 'धर्म' म्हणायची मोकळीकही मिळाली.

या सगळ्यात नावाचा प्रश्न मागे पडला, आणि माझ्या मते घोटाळा तिथेच झाला. हिंदीने 'बालचर' हा शब्द घेतला. 'चर' म्हणजे फिरणारा, आणि फिरून बातमी आणणाराही. गुप्तचर, चार, संचार या सगळ्या शब्दांचं गोत्र त्याच्या पाठीशी आहे. 'स्काउट'च्या मुळाशी असलेलं काम या एका अक्षरजोडीत जवळजवळ पूर्ण उतरलं. मराठीने 'बालवीर' घेतला. मुलींच्या 'गाइड'ला 'वीरबाला' म्हटलं.

'वीर' हा आपला लाडका शब्द, पण स्काउटचं काम त्यात बसत नाही. वीर पुढे होऊन भिडतो. स्काउटने भिडायचं नसतं, त्याने दिसायचंही नसतं, त्याने बातमी घेऊन सुखरूप परत यायचं असतं. 'वीरबाला'चं तर आणखी नुकसान झालं. मुलींच्या शाखेला 'गाइड' हे नाव मिळालं ते वायव्य सरहद्दीवर १८४६ मध्ये पेशावरला उभारलेल्या 'गाइड्स' पलटणीवरून. वाट दाखवणं आणि बातमी काढणं हे त्या पलटणीचं काम, आणि खाकी रंगाचा गणवेश सैन्यात पहिल्यांदा वापरला तोही तिनेच. म्हणजे इंग्रजी नावात हिंदुस्थानच्या सरहद्दीवरचे वाटाडे होते, आणि मराठीत येता येता तेच गळले.

मराठीने 'हेर' का टाळला असेल? मला वाटतं, त्या काळात या शब्दाला लागलेला डाग हे मोठं कारण असावं. कटाच्या खटल्यांच्या, माफीच्या साक्षीदारांच्या आणि पोलिसांच्या खबऱ्यांच्या त्या दिवसांत आपल्या मुलाला कुणी 'बालहेर' म्हणावं हे कोणत्या आईबापांना रुचलं असतं? नाशिकसारख्या गावात तर नाहीच. 'वीर' हा शब्द मुलाच्या पाठीवर शाबासकी देणारा होता, आणि परकीय सत्तेच्या काळात ती शाबासकी हवीही होती. त्यामुळे नाव ठेवणाऱ्यांना दोष देण्यात अर्थ नाही. पण नावाने चळवळीचं वजन एका बाजूला झुकवलं, हे सांगायलाच हवं.

शाळांमधल्या पथकांत ते आजही दिसतं. पथसंचलन, गणवेश, टाळीचे प्रकार, ध्वजारोहण यांना वेळ भरपूर मिळतो. 'खरी कमाई'चा, म्हणजे छोटी कामं करून पैसे मिळवण्याचा, उपक्रम मुलं आवडीने करतात. पण किम्स गेम, म्हणजे २४ वस्तू एक मिनिट पाहून झाकायच्या आणि आठवतील त्या लिहायच्या, हा खेळ कुणी आठवड्यामागून आठवडे लावून धरत नाही. मातीतल्या ठशावरून माणूस चालत होता की धावत होता ते ओळखणं, डोळे मिटून आसपासचे आवाज वेगळे करणं, काठ्या-दगडांच्या खुणांनी मागच्याला वाट सांगणं, हे परीक्षेपुरतं उरलं आहे. खरं तर चळवळीचा गाभा तोच. केनियातल्या न्येरी गावी बेडन-पॉवेल यांच्या थडग्यावर याच भाषेतली एक खूण कोरली आहे: वर्तुळ आणि मधोमध टिंब. अर्थ, 'घरी गेलो'. ती खूण वाचता येणारी मुलं आपण किती घडवतो, असा माझा प्रश्न आहे.

इंग्रजी आणि नाशिक यांच्यातली देवाणघेवाण एकाच बाजूने झाली असं मात्र नाही. मायदेशी जाणाऱ्या बोटीची वाट पाहत गोरे शिपाई नाशिकजवळच्या देवळालीच्या छावणीत महिनोन्‌महिने अडकून पडत, कंटाळ्याने आणि उन्हाने त्यांचं डोकं फिरे, आणि त्यावरून 'डूलाली', म्हणजे डोकं फिरलेला, हे विशेषण इंग्रजीत गेलं. देवळालीचं नाव असं परदेशी कोशांत बसलं आहे.

गेल्या काही वर्षांत 'स्काउटिंग' हा शब्द नाशिकमध्ये शाळेपेक्षा शेतात जास्त ऐकू येतो. ऑक्टोबर छाटणीनंतर द्राक्षाचे प्लॉट पोंग्यातून, म्हणजे कोवळ्या फुटीच्या अवस्थेतून, पुढे सरकतात. तेव्हा ढगाळ हवा, दव किंवा पाऊस आला की डावणी या बुरशीजन्य रोगाची भीती उभी राहते. सल्लागार सांगतात, 'रोज स्काउटिंग करा.' म्हणजे बागेत कडेकडेने एक फेरी मारायची नाही, नागमोडी जायचं, ठरावीक अंतरावर थांबायचं, वेलीची खालची पानं उलटून बघायची. वर पिवळसर तेलकट डाग आणि त्याच जागी खाली पांढरी बुरशी दिसली की डावणी आली. २००९ च्या नोव्हेंबरात फयान वादळाच्या पावसानंतर डावणीने जो फटका दिला, तो द्राक्षवाले विसरलेले नाहीत. उशिरा दिसलेला डाग आणि वेळेवर दिसलेला डाग यांत फवारण्यांचा, पैशांचा आणि निर्यातीच्या मालातल्या औषधाच्या अंशाचा फरक पडतो. बागेत असं पान-पान पाहत चालणाऱ्या माणसाची चाल म्हणजे 'स्काउटिंगली'. शिवारात बिबट्या आल्याची खबर मिळाल्यावर वनखात्याची माणसं उसाच्या कडेने ठसे पाहत, मध्येच थांबून ऐकत जातात, तीही तशीच. नांदूर मध्यमेश्वरला, जे महाराष्ट्रातलं पहिलं रामसर क्षेत्र, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा, म्हणून २०२० मध्ये जाहीर झालं, बांधावरून पाणपक्षी शोधणारे याच चालीने जातात. त्यांच्यातल्या कुणालाही वीर म्हणायची गरज पडत नाही.

२०२६-२७ च्या सिंहस्थाची तयारी चालू आहे. यात्रेतल्या सेवेची परंपरा अलाहाबादच्या त्या पथकांपासूनची आहे, आणि रामकुंडाच्या अरुंद बोळांत उभ्या राहणाऱ्या मुलांना पहिल्यांदा शिकवायला हवं ते हेच: गर्दीचा आवाज कधी बदलतो, लोक कुठे तुंबू लागले आहेत, कोणती म्हातारी एकटी पडली आहे. संचलनाचा सराव थोडा कमी झाला तरी चालेल.

आता वापराबद्दल. मराठीत क्रियाविशेषणाचं हे काम 'त'कारान्त रूप सहज करतं, त्यासाठी नवा शब्द घडवायला नको. 'स्काउटिंगली' ज्या क्रियापदाला लागलं आहे ते पाहावं. ते चालणं, सरकणं, थांबणं, पाहणं असेल तर 'कानोसा घेत', 'टेहळत', 'माग काढत', 'अदमास घेत' यांतलं प्रसंगाला बसेल ते घ्यावं. अंधार असेल तर 'कानोसा', उजेड असेल तर 'टेहळत'. ते बोलणं, हसणं, उत्तर देणं असेल आणि मजकूर जुना असेल, तर दुसऱ्या घरचा शब्द समजून 'धुडकावत' किंवा 'तुच्छतेने' लिहावं. 'स्काउटसारखा' हे भाषांतर फक्त जिथे खरोखर पथकातला मुलगा आहे तिथेच ठेवावं, आणि 'वीरासारखा' कुठेही नको.