विक्री किमतीतून शेकडा नफा वजा केल्याने खरेदी किंमत मिळत नाही

‘एक साडी १,२०० रुपयांना विकल्याने दुकानदारास २० टक्के नफा झाला, तर साडीची खरेदी किंमत किती?’ अशा उदाहरणात १,२०० चे २० टक्के, म्हणजे २४० रुपये, वजा करून ९६० हे उत्तर काढण्याची रीत अनेक मुले आजही वापरतात. ती चुकीची आहे, हे ताळा केल्यास लगेच दिसते: ९६० चे २० टक्के १९२ होतात आणि विक्री किंमत १,१५२ येते, म्हणजे ४८ रुपये कमी पडतात.

शालेय गणितात शेकडा नफा आणि तोटा, वेगळे सांगितले नसल्यास, खरेदी किमतीवर मोजतात. खरेदी १०० मानली तर विक्री १२० होते. म्हणून १,२०० ला १२० ने भागून १०० ने गुणावे, उत्तर १,००० रुपये.

हा समज टिकण्यास बाजारातील एक प्रघातही हातभार लावतो, कारण व्यापारी ‘मार्जिन’ बहुधा विक्री किमतीवर धरतात. त्या हिशेबाने ९६० बरोबरच ठरतात, मात्र तोच नफा खरेदीवर २५ टक्के भरतो.

याच गोंधळातून, दोन वस्तू प्रत्येकी ९९० रुपयांना विकून एकीवर १० टक्के नफा व दुसरीवर १० टक्के तोटा झाल्यास हिशेब बरोबरीत सुटतो, असेही मानले जाते. प्रत्यक्षात खरेदी ९०० आणि १,१०० असते. एकूण २,००० च्या मालाचे १,९८० आले, म्हणजे १ टक्का तोटाच झाला.