महत्त्वाचं वाक्य शेपटाला गेलं की काय होतं

२५ जानेवारी १९९० च्या रात्री अविआन्का कंपनीचं ५२ क्रमांकाचं विमान न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवर कोसळलं. कोलंबियाहून निघालेल्या या बोइंग ७०७ मध्ये १५८ जण होते, त्यांतले ७३ गेले. कारण एकच, इंधन संपलं. खराब हवेमुळे विमानाला वाटेत सव्वा तासाहून अधिक घिरट्या घालाव्या लागल्या होत्या आणि उतरण्याचा पहिला प्रयत्नही फसला होता. तेव्हा कॅप्टनने सहवैमानिकाला बजावलं, आणीबाणी आहे असं विमानतळाच्या नियंत्रकांना सांग. सहवैमानिकाने आधी नियंत्रकाने दिलेली दिशा नेमाप्रमाणे परत म्हणून दाखवली, पुन्हा प्रयत्न करतो असं सांगितलं आणि शेवटी जोडलं, इंधन संपत चाललंय. नियंत्रक ‘ओके’ म्हणाला. लांबून आलेल्या प्रत्येक विमानाचं इंधन उतरताना कमी झालेलंच असतं, त्यामुळे हे वाक्य त्याला नेहमीचं वाटावं यात नवल नाही.

माहिती होती आणि ती बोललीही गेली. पण तिची जागा चुकली आणि जोर कमी पडला. काय आधी सांगायचं, काय मागून, किती जोराने आणि कुणापुढे, याचा विचार करणारं वक्तृत्वशास्त्र जुनं आहे. इ. स. पूर्व चौथ्या शतकात अ‍ॅरिस्टॉटलने पटवून देण्याचे तीन आधार सांगितले: बोलणाऱ्याची पत, ऐकणाऱ्याची मनःस्थिती आणि मांडणीतला तर्क. आपल्याकडे वक्तृत्व म्हटलं की शाळेतली स्पर्धा आठवते. खरं तर त्याची सर्वात जास्त गरज रुग्णालयाच्या वॉर्डात, कारखान्यात आणि ऑफिसच्या कॉलवर असते.

नागपूरला तर ती रोज भासते. १९५६ पर्यंत हे शहर मध्य प्रदेशची राजधानी होतं, त्यामुळे इथे मराठी आणि हिंदी एकाच वाक्यात नांदतात. मेडिकल, मेयो आणि एम्स या सरकारी रुग्णालयांच्या ओपीडीत छिंदवाडा, बालाघाट, शिवनीचे रुग्ण येतात, भंडारा-गोंदियाकडून झाडीबोली येते, गडचिरोलीकडून गोंडी. तिकडे मिहान या औद्योगिक क्षेत्रातल्या आयटी कंपन्यांत संध्याकाळी अमेरिकेशी कॉल सुरू होतात.

ऊटे फिशर आणि ज्युडिथ ओरासानू या संशोधक महिलांनी १९९० च्या दशकात वैमानिकांच्या बोलण्याचा अभ्यास केला. एकच सूचना सहा प्रकारांनी देता येते आणि प्रत्येक पायरीला तिचा जोर उतरतो, असं त्यांनी मांडलं. हीच उतरंड वॉर्डात लावून पाहा. रुग्णाच्या फाइलवर पेनिसिलिनची अ‍ॅलर्जी लिहिलेली आहे आणि डॉक्टर तेच इंजेक्शन द्यायला निघाले आहेत. सिस्टर काय काय म्हणू शकते? ‘सर, हे देऊ नका.’ ‘सर, आपल्याला हे थांबवावं लागेल.’ ‘सर, दुसरं काही देऊया.’ ‘सर, हेच द्यायचं का?’ ‘सर, एकदा फाइल पाहिली तर बरं होईल.’ आणि सगळ्यात खाली, ‘सर, फाइलवर अ‍ॅलर्जीचं काहीतरी लिहिलेलं दिसते.’

शेवटच्या वाक्यात धोक्याचा उल्लेख आहे, पण काय करायचं ते नाही. ते ऐकणाऱ्याने ओळखायचं. घाईत, थकलेल्या माणसाकडून ते ओळखलं जात नाही. अभ्यासात कॅप्टन बहुधा पहिल्या पायरीवरून बोलत होते आणि सहवैमानिक बहुधा शेवटच्या. म्हणजे ज्याच्या हाती अधिकार कमी, त्याचीच सूचना सर्वात पुसट, आणि चूक आधी दिसते तीही पुष्कळदा त्यालाच. आपल्या समाजात वय, पद आणि ‘सर’ यांचं वजन मोठं असल्याने हा धोका आणखी वाढतो.

उपाय उद्धटपणाचा नाही. फिशर आणि ओरासानू यांना आढळलं की दोन्ही बाजूंच्या वैमानिकांना दुसऱ्या पायरीची भाषा परिणामकारक वाटते: ‘आपल्याला हे करावं लागेल’, आणि सोबत कारण. ‘सर, आपल्याला हे थांबवावं लागेल, फाइलवर पेनिसिलिनची अ‍ॅलर्जी आहे.’ यात ‘सर’ आहे, ‘आपल्याला’ आहे, डॉक्टरांचा मान राखलेला आहे आणि काम मात्र वाक्याच्या पुढच्या टोकाला आहे. आदर संबोधनात आणि सर्वनामात ठेवावा, क्रियापद पातळ करू नये. या लेखातली एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल तर ही ठेवा.

रात्री फोनवर डॉक्टरांना बोलावण्यासाठी एक चार टप्प्यांची पद्धत आहे. ती मूळची अमेरिकन नौदलाच्या पाणबुड्यांवरची. परिस्थिती, पार्श्वभूमी, आपला अंदाज, आपली मागणी, याच क्रमाने बोलायचं. ‘सर, वॉर्ड सातमधून बोलते. बेड १२ च्या रुग्णाचा रक्तदाब ८४/५० वर आलाय, नाडी १२४. दुपारी १ वाजता अपेंडिक्सचं ऑपरेशन झालंय, ४ वाजेपर्यंत रक्तदाब ११८/७६ होता. मला आतून रक्तस्रावाची शंका येते. तुम्ही लगेच यावं, तोवर काय सुरू करू?’ हे सगळं अर्ध्या मिनिटात होतं. बिघडतं ते बहुतेक तिसऱ्या आणि चौथ्या टप्प्यावर: अंदाज सांगणं म्हणजे आगाऊपणा वाटतो, म्हणून सिस्टर फक्त आकडे सांगून थांबते आणि पलीकडून उत्तर येतं, ‘बरं, लक्ष ठेवा.’ वरिष्ठांनी एक सवय लावून घेतली तर हे पुष्कळ टळेल. आकडे ऐकल्यावर स्वतःहून विचारायचं, ‘तुम्हाला काय वाटतं सिस्टर?’

रुग्णाशी बोलताना अडचण उलट्या दिशेने येते. ‘समजलं का काकाजी?’ या प्रश्नाला ‘हो जी’ हेच उत्तर येणार. ते डॉक्टरांना दिलेल्या मानाचं उत्तर असतं, गोळी कशी घ्यायची हे कळल्याची पावती नसते. त्याऐवजी परत वदवून घ्यावं: ‘घरी गेल्यावर ही गोळी कशी घेणार, ते सांगा बरं. मी नीट सांगितलं की नाही, ते मला पाहायचंय.’ परीक्षा डॉक्टरच्या सांगण्याची होते, रुग्णाची नाही, म्हणून तो संकोच न करता बोलतो. एका वेळी दोन-तीनच गोष्टी सांगाव्यात, त्या वदवून घ्याव्यात, मग पुढच्या. मुलांच्या औषधाला ‘एक चमचा’ म्हणू नये, घरातले चमचे लहान-मोठे असतात. ५ मिली म्हणावं आणि झाकणावरची रेघ बोटाने दाखवावी. दुभाषी मध्ये असेल तर तोंड रुग्णाकडे ठेवून एकेक छोटं वाक्य बोलावं. घरातल्या लहान मुलाला दुभाषी करू नये.

आता मिहानमधला कॉल. तान्या स्टिव्हर्स आणि सहकाऱ्यांनी २००९ मध्ये दहा भाषांतली रोजची संभाषणं मोजली. हो-नाही प्रकारच्या प्रश्नानंतर उत्तर सुरू व्हायला सरासरी सुमारे ०.२ सेकंद लागतात. जपानीत हे अंतर जवळजवळ शून्य निघालं, डॅनिशमध्ये साधारण ०.४७ सेकंद. आता यात नेटवर्कचा उशीर मिळवा. आवाज एका बाजूने पोहोचायला ०.१५ सेकंदांपर्यंत लागले तर आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या शिफारशीनुसार ते बहुतेक वापराला चालतं. पण जाऊन-येऊन ते ०.३ सेकंद होतात. म्हणजे लाइन चांगली असतानाही प्रश्न विचारणाऱ्याला अर्ध्या सेकंदाची शांतता ऐकू येते आणि समोरचा कचरतोय असा भास होतो. तो भास भरून काढायला विचारणारा पुन्हा बोलू लागतो, तेवढ्यात उत्तर येतं आणि दोघांचे आवाज एकमेकांवर आदळतात. म्हणून प्रश्न नाव घेऊन, एका वेळी एकच विचारावा, आणि मनात दोन अंक मोजेपर्यंत गप्प राहावं.

स्वराची चढ-उतारही फसवते. भाषाशास्त्रज्ञ जॉन गम्पर्झ यांनी १९७० च्या दशकात ब्रिटनमधल्या एका विमानतळाच्या उपाहारगृहातला प्रसंग अभ्यासला. जेवण वाढणाऱ्या भारतीय आणि पाकिस्तानी बायका ग्रेव्ही हवी का हे विचारताना ‘ग्रेव्ही’ हा एकच शब्द उतरत्या स्वरात म्हणत. आपल्या कानाला तो साधा, सभ्य आग्रह. ब्रिटिश कर्मचाऱ्यांना मात्र चढता स्वर अपेक्षित होता, म्हणून त्यांना या बायका तुसड्या वाटल्या. ध्वनिमुद्रण दोन्ही बाजूंना ऐकवल्यावर गाठ सुटली. कॉलवर विनंती करताना एकट्या शब्दावर भिस्त न ठेवता पूर्ण प्रश्न करावा, तो यासाठी.

यावरून ‘भारतीय माणूस आडवळणाने बोलतो, पाश्चात्त्य सरळ’ असा ठोकताळा मात्र काढू नका. १९६६ मध्ये रॉबर्ट कॅप्लान यांनी परदेशी विद्यार्थ्यांच्या निबंधांवरून असंच काहीसं सुचवलं होतं: इंग्रजी परिच्छेदासाठी सरळ रेघ, पौर्वात्यांसाठी वर्तुळाकार. त्यावर कडक टीका झाली आणि त्यांनी स्वतःही पुढे ते मत सौम्य केलं. आपल्या न्यायदर्शनात, म्हणजे जुन्या तर्कशास्त्रात, म्हणणं सिद्ध करायचं पाच भागांचं पंचावयव वाक्य आहे, ते पाहा: प्रतिज्ञा, हेतू, उदाहरण, उपनय, निगमन. डोंगरावर आग आहे, कारण तिथे धूर आहे, जिथे धूर तिथे आग, जसं स्वयंपाकघरात, डोंगरावरही तसाच धूर आहे, म्हणून तिथे आग आहे. म्हणणं पहिल्याच वाक्यात! तेव्हा मुद्दा आधी मांडणं ही कुणाकडून उसनी घेतलेली रीत नाही. ईमेलमध्ये पार्श्वभूमीचे तीन परिच्छेद आणि शेवटी ‘तरी कृपया मुदत वाढवावी’ असं न लिहिता पहिल्या ओळीत मागणी आणि तारीख द्यावी, दुसऱ्या ओळीत कारण, मग हवी तेवढी पार्श्वभूमी.

आकड्यांपाशी आणखी काळजी हवी. ०३/०४ ही तारीख नागपुरात ३ एप्रिल, अमेरिकेत ४ मार्च. महिना अक्षरांत लिहावा. न्यूयॉर्कशी वेळेचं अंतर उन्हाळ्यात साडेनऊ तास आणि हिवाळ्यात साडेदहा तास असतं. मार्चच्या दुसऱ्या आणि नोव्हेंबरच्या पहिल्या रविवारी ते बदलतं, म्हणून त्या आठवड्यांत बैठकीची वेळ दोन्ही घड्याळांत लिहावी. तोंडी औषधयोजनेत इंग्रजी फिफ्टीन आणि फिफ्टी फोनवर सारखेच ऐकू येतात, तिथे एकेक अंक सुटा म्हणावा: एक-पाच, किंवा पाच-शून्य. केरळहून आलेल्या सिस्टरला ‘अडीच’ कळेलच असं नाही, म्हणून ‘दोन पॉइंट पाच मिली’. ऐकणाऱ्याने आकडा आधी कागदावर लिहावा, मग लिहिलेलाच वाचून दाखवावा, आणि सांगणाऱ्याने ‘बरोबर’ म्हटल्याशिवाय फोन ठेवू नये.