मात्सुतोमो की मात्सुमोतो? जपानी दुहेरीतला नावांचा घोळ
रोमन लिपीतून ही दोन नावं मराठीत उतरवताना हात थबकतोच. मात्सुतोमो आणि मात्सुमोतो. ‘तो’ आणि ‘मो’ यांनी जागा बदलल्या, एवढाच फरक. दोघी जपानच्या, दोघी बॅडमिंटनच्या महिला दुहेरीतल्या, दोघींनी जागतिक क्रमवारीत पहिला क्रमांक पाहिलेला, आणि दोघींच्या नावावर ऑल इंग्लंड या मानाच्या स्पर्धेचं विजेतेपद. त्यामुळे ‘ऑलिंपिक आणि विश्वविजेती मात्सुमोतो’ असं कोणी लिहिलं तर वाचणाऱ्याला खटकतही नाही. पण अशी खेळाडू या दोघींत नाही. एकीकडे ऑलिंपिकचं सुवर्ण आहे, दुसरीकडे जागतिक स्पर्धेची दोन विजेतेपदं.

मिसाकी मात्सुतोमो वयाने मोठी, जन्म १९९२चा, शिकोकू बेटावरच्या तोकुशिमा प्रांतातली. तिची जोडीदार अयाका ताकाहाशी तिच्याहून दोन वर्षांनी मोठी. शाळेपासून दोघी एकत्र खेळत होत्या. मायु मात्सुमोतोचा जन्म १९९५चा, पार उत्तरेकडच्या होक्काइदो बेटावर, साप्पोरो शहरात. तिची जोडीदार वाकाना नागाहारा हीसुद्धा होक्काइदोचीच. जपानी लिपीत मात्र गोंधळाला जागा कमी. दोन्ही आडनावांचं पहिलं चिन्ह तेच, ‘मात्सु’ म्हणजे पाइनचं झाड. दुसरं चिन्ह वेगळं: ‘तोमो’ म्हणजे मित्र, ‘मोतो’ म्हणजे मूळ.

पण जपानी लोकांनीही घोळात भर घातली आहे. तिथे दुहेरीच्या जोड्यांना आडनावं कापून, जोडून लाडकं नाव देतात. ताकाहाशी-मात्सुतोमो झाल्या ‘ताकामात्सु’, नागाहारा-मात्सुमोतो झाल्या ‘नागामात्सु’. म्हणजे नेमका फरक दाखवणारा शेपटाचा भाग उडाला आणि दोन्हीकडे ‘मात्सु’ उरलं! तेव्हा अशा नावात ‘मात्सु’कडे बघूच नका, त्याच्या आधी काय आहे ते बघा.

कोर्टवर मात्र दोघींत गल्लत व्हायलाच नको. मात्सुतोमो जेमतेम १५९ सेंटिमीटर उंच, आणि तिचं राज्य नेटजवळ. ताकाहाशी मागून स्मॅश मारत राहायची. प्रतिस्पर्ध्यांनी तो कसाबसा परतवला की शटल नेटवरून वर येतं न येतं तोच मात्सुतोमोची रॅकेट तिथे हजर. जुनी सामन्याची चित्रफीत मिळाली तर शटल सोडून फक्त तिचे पाय बघा. मागे जोडीदार फटका मारते आहे तेवढ्यात ही अर्धं पाऊल सरकलेली असते, कारण परतीचा फटका कुठे येणार याचा अंदाज तिने आधीच बांधलेला असतो. दुहेरीतली ही बुद्धी मला स्मॅशपेक्षा जास्त मोहवते.

मात्सुमोतो १७७ सेंटिमीटरची. महिला दुहेरीत ही उंची उठून दिसते. ती मागच्या कोर्टवरून उंचावर शटल घेते, त्यामुळे स्मॅश तीव्र कोनात खाली उतरतो आणि समोरच्यांना तो उचलणं जड जातं.

आता पदकं. १८ ऑगस्ट २०१६, रिओ. अंतिम सामन्यात ताकामात्सुंसमोर डेन्मार्कच्या क्रिस्तिना पेडरसन आणि कामिला रिटर युल. पहिला गेम १८-२१ असा गेला, दुसरा २१-९ असा आला. तिसऱ्यात जपानी जोडी १६-१९ अशी मागे. डेन्मार्कला सुवर्णासाठी दोनच गुण हवे होते. ते मिळालेच नाहीत. सलग पाच गुण घेऊन ताकामात्सुंनी २१-१९ असा गेम आणि सामना जिंकला. बॅडमिंटनमधलं जपानचं ते पहिलं ऑलिंपिक सुवर्ण. आपल्याकडे तो दिवस सिंधूने उपांत्य फेरीत नोझोमी ओकुहाराला हरवल्याचा म्हणून लक्षात आहे. त्या धांदलीत ही झुंज अनेकांची पाहायची राहिली. याच जोडीने त्या स्पर्धेच्या गटात ज्वाला गुट्टा आणि अश्विनी पोनप्पा यांनाही हरवलं होतं. जागतिक स्पर्धेत मात्र ताकामात्सुंची मजल कांस्यपदकापर्यंतच गेली.

नागामात्सुंचं बरोबर उलटं. २०१८ला नानजिंगमध्ये आणि २०१९ला बाझलमध्ये त्या लागोपाठ विश्वविजेत्या झाल्या. दोन्ही अंतिम सामने आपल्याच देशाच्या युकी फुकुशिमा आणि सायाका हिरोता यांच्याशी, दोन्ही तीन गेमचे, आणि निर्णायक गेम २२-२० व २३-२१. इतक्या बारीक फरकाने दोनदा! पण टोकियो ऑलिंपिकमध्ये कोरियाच्या जोडीकडून उपांत्यपूर्व फेरीत त्या हरल्या, तिसरा गेम २६-२८ असा गेला. पॅरिसमध्ये तर गटातूनच बाहेर. ऑलिंपिक पदक त्यांच्या हाती लागलं नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

या दोन कहाण्या एकमेकींना छेदतात त्या टोकियोच्या पात्रतेत. एका देशाच्या जास्तीत जास्त दोन जोड्यांना जागा, आणि जपानकडे फुकुशिमा-हिरोता धरून जगातल्या अव्वल जोड्या तीन. ताकामात्सु मागे पडत होत्या. त्यातच स्पर्धा वर्षभर पुढे गेली आणि २०२०च्या ऑगस्टमध्ये ताकाहाशीने निवृत्ती घेतली. मात्सुतोमो त्यानंतर युकी कानेकोबरोबर मिश्र दुहेरी खेळू लागली. मात्सुमोतोने नागाहाराची साथ सुटल्यावर २०२५पासून जोडी जमवली ती युकी फुकुशिमाशी. जिला दोन अंतिम सामन्यांत हरवलं, तिच्याशीच.

आणि हो, तिसरीही एक आहे. नामी मात्सुयामा. चिहारू शिदाबरोबरची तिची जोडी ‘शिदामात्सु’ म्हणून ओळखली जायची, पॅरिसच्या कांस्यपदकाच्या मानकरी. तिथे गटात अश्विनी पोनप्पा आणि मूळ गोव्याची तनिषा क्रास्टो यांना २१-११, २१-१२ असं हरवलं ते यांनी, नागामात्सुंनी नव्हे. म्हणजे अश्विनीला दोन ऑलिंपिकमध्ये दोन वेगवेगळ्या ‘मात्सु’ आडव्या आल्या, रिओत मात्सुतोमो आणि पॅरिसला मात्सुयामा.