कोल्हापूर : रंगवलेल्या पडद्यापासून मांडणशिल्पापर्यंत

चित्रपट, शिल्प आणि मांडणशिल्प (इन्स्टॉलेशन, म्हणजे प्रेक्षकाने आत शिरून पाहायची मांडणी) अशा तिन्ही माध्यमांत वावरणारा कलावंत आज नवलाचा वाटतो. परंतु कोल्हापुरापुरते बोलायचे तर माध्यमांच्या या सरमिसळीला शंभर वर्षांचा इतिहास आहे आणि तिचा उगम कलाशाळेत नसून कारागिरीत आहे.

बाबूराव पेंटर, म्हणजेच बाबूराव कृष्णराव मेस्त्री (१८९०–१९५४), कारागीर घराण्यातले. चुलतभाऊ आनंदराव यांच्यासह ते संगीत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत आणि त्यातूनच दोघे चित्रपटाकडे ओढले गेले. १९१६ साली आनंदराव वारले. तरीही बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने कोल्हापुरातच कॅमेरा बनवला. बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीला भांडवल दिले ते तानीबाई कागलकर या गायिकेने. या मदतीचा उल्लेख सहसा एका ओळीत उरकला जातो, हे अन्यायाचे आहे.

१९२० च्या ‘सैरंध्री’ या चित्रपटापासून पुढे बाबूरावांनी जे केले, ते मला निर्णायक वाटते. आयुष्यभर पडदे रंगवलेल्या या माणसाने चित्रपटातून रंगवलेला पडदाच हद्दपार केला आणि त्याच्या जागी लांबी, रुंदी, खोली असलेले भरीव नेपथ्य उभे केले. पात्रे चित्रासमोर उभी न राहता वास्तूत वावरू लागली. प्रकाश कोणत्या पृष्ठभागावर कसा पडेल, याचा विचार शिल्पकाराच्या नजरेने होऊ लागला. ‘सावकारी पाश’ (१९२५) या चित्रपटातील शेतकऱ्याच्या दैन्याला जे वजन आले, त्यात या दृष्टीचाही वाटा आहे. याच कंपनीत घडलेल्या दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर यांनी १९२९ मध्ये कोल्हापुरात ‘प्रभात’ या चित्रपट कंपनीची स्थापना केली, १९३३ मध्ये ती पुण्याला गेली. बाबूरावांनी मात्र पुढेही कोल्हापुरात चित्रे आणि पुतळे घडवले.

मांडणशिल्प भारतात रुजले ते बरेच नंतर, मुख्यतः १९९० च्या दशकात, आणि त्याची प्रेरणाही वेगळी होती. मुंबईत मांडणशिल्पकार नलिनी मलानी यांनी १९६९ मध्येच चित्रकार अकबर पदमसी यांच्या कार्यशाळेत फिल्मचे प्रयोग केले होते. तेव्हा बाबूरावांपासून आजच्या कलावंतापर्यंत सरळ वंशावळ जोडणे चुकीचे ठरेल. बाबूरावांच्या नेपथ्यात शिरण्याची मुभा पात्रांना आणि कॅमेऱ्याला होती, प्रेक्षक बाहेरच बसलेला असे. मांडणशिल्पात प्रेक्षक स्वतः आत चालत जातो आणि कुठे थांबायचे, काय पाहायचे, हे तोच ठरवतो.