पानिपतविषयक मराठी वाङ्मय

पानिपतविषयक मराठी वाङ्मय : मराठे व अफगाण बादशहा अहमदशाह अब्दाली यांच्यात झालेल्या पानिपतच्या तिसऱ्या लढाईची (बुधवार, १४ जानेवारी १७६१, पौष शुद्ध अष्टमी, शके १६८२) हकीकत सांगणारे, तिची चिकित्सा करणारे व तिचे स्मरण जागते ठेवणारे मराठी लेखन. पत्रे, बखरी (गद्य ऐतिहासिक वृत्तान्त), कैफियती (एखाद्या पक्षाची बाजू मांडणारी निवेदने), आत्मवृत्त, पोवाडे, कविता, नाटक, कादंबरी, इतिहाससंशोधन आणि शालेय पाठ असा त्याचा पसारा आहे. एका पराभवाभोवती इतके लेखन जमल्याचे दुसरे उदाहरण मराठीत नाही. मोहिमेचा राजकीय व लष्करी वृत्तान्त येथे अभिप्रेत नाही. तो वाचकास ठाऊक आहे असे धरून केवळ लेखनाचा विचार केला आहे.

लढाईच्या सर्वांत जवळचा पुरावा म्हणजे त्या वर्षा-दीड वर्षातली पत्रे. त्यांत रसद, कर्जे, घोड्यांचा चारा, हुंड्या आणि अडकलेल्या डाकेची चिंता अधिक. शौर्याची वर्णने कमी. लोकस्मृतीत मात्र यांतले एकच पत्र उरले, आणि तेही सावकारी. नर्मदा ओलांडून उत्तरेकडे निघालेल्या नानासाहेब पेशव्यांच्या हाती भेलशाजवळ (आजचे विदिशा) ते पडले, असे सांगतात : दोन मोत्ये गळाली, सत्तावीस मोहरा हरपल्या, रुपये-खुर्दा किती गेला त्याची गणती नाही. मोत्ये म्हणजे नानासाहेबांचे पुत्र विश्वासराव व मोहिमेचे सेनापती, त्यांचे चुलतभाऊ सदाशिवरावभाऊ (भाऊसाहेब), मोहरा म्हणजे सरदार. ग्रँट डफच्या १८२६ साली प्रसिद्ध झालेल्या इतिहासात हा मजकूर इंग्रजीत येतो. मराठीत तो निरनिराळ्या शब्दांत छापलेला आढळतो, त्यामुळे अस्सल पत्रातला उतारा म्हणण्यापेक्षा परंपरेने घडवलेले वाक्य म्हणून तो घेणे अधिक सावधपणाचे. त्याची ताकद त्याने कमी होत नाही. नानासाहेब त्याच वर्षी २३ जूनला पुण्यास पर्वतीवर वारले.

बखरींत दोन प्रमुख. भाऊसाहेबांची बखर ही वाङ्मयदृष्ट्या सरस आणि अधिक वादग्रस्त. तिचा कर्ता म्हणून कृष्णाजी शामराव हे नाव सामान्यतः दिले जाते. चिंतो कृष्ण वळे यांचेही नाव पुढे आलेले आहे. पहिल्या नावाकडे बहुतेकांचा कल आहे आणि तो सोडण्यास सबळ कारण दिसत नाही. कालाचा प्रश्न याहून बिकट आहे. बखर रघुनाथरावांच्या १७५३च्या उत्तरेकडील स्वारीपासून सुरू होते, कुंभेरीचा वेढा, शिंद्यांच्या मोहिमा, भाऊंची स्वारी असे टप्पे घेत माधवराव पेशव्यांच्या कारकिर्दीच्या आरंभापाशी थांबते. एवढ्यावरून ती १७६२-६३च्या सुमारास लिहिली गेली असे मानण्याचा मोह होतो. पण ग्रंथ जिथे थांबतो तिथेच ग्रंथकारही उभा होता, हे अनुमान बखरींच्या बाबतीत फारसे टिकत नाही. कथेचा शेवट कुठे करावा, हे बखरकार आपल्या विषयावरून ठरवतो. भाऊसाहेबांची कथा नव्या पेशव्याच्या मसनदीपाशी संपावी, हे रचनेच्या दृष्टीने स्वाभाविकच आहे. उलट, संवादांचा ताजेपणा, सरदारांच्या आपसातल्या कुरबुरींची बारीक माहिती आणि दुःखाचा ओलावा पाहता ती फार उशिराची मानणेही अवघड जाते. लढाई पाहिलेली किंवा पाहिलेल्यांकडून ऐकलेली पिढी हयात असतानाचे हे लेखन, एवढे म्हणून थांबणे बरे. भाऊसाहेबांची कैफियत या नावाचे एक वेगळे, आटोपशीर लेखन आहे. दोन्हींची नावे सारखी असल्याने संदर्भ देताना गल्लत होते.

दुसरी पानिपतची बखर. तिचा कर्ता रघुनाथ यादव. ती गोपिकाबाईंच्या आज्ञेवरून लिहिली गेल्याचे सांगतात. गोपिकाबाई म्हणजे नानासाहेबांच्या पत्नी आणि रणात पडलेल्या विश्वासरावांच्या मातोश्री. ही माहिती खरी धरली, तर मराठीतल्या एका युद्धवृत्तान्तामागे मुलगा गमावलेल्या आईचे 'काय घडले ते सांगा' हे मागणे उभे आहे, आणि ती बखर त्या जाणिवेने वाचली पाहिजे. तिच्या लेखनकालाबद्दलही एकमत नाही. लढाईच्या लगोलग लिहिली गेली असे मानणारा पक्ष आहे. तिची पौराणिक थाटाची, महाभारताच्या उपमांनी लगडलेली वर्णने पाहता काही वर्षांचे अंतर पडलेले असावे, हे मत अधिक ग्राह्य वाटते.

दोन्ही बखरींनी, विशेषतः पहिलीने, पानिपतला जो आकार दिला तोच आजवर टिकून आहे : घरातली भाऊबंदकी, मानापमान, वडीलधाऱ्यांचा डावललेला सल्ला आणि शेवटी दैव. मल्हारराव होळकर आणि सुरजमल जाट यांनी बायकामुले व जड सामान मागे ठेवून गनिमी काव्याने लढण्याचा सल्ला दिला व भाऊंनी तो झिडकारला, ही कथा घरोघर ठाऊक आहे. अब्दालीच्या बाजूच्या नजीबखान रोहिल्याला राखावे, तो बुडाला तर पेशवे आपल्याला धोतरे बडवायला लावतील, हे मल्हाररावांच्या तोंडचे बोलणे बखरीतलेच. दिल्लीजवळ यमुनेकाठच्या बुराडी घाटावर जखमी पडलेल्या दत्ताजी शिंद्यांचे 'बचेंगे तो और भी लढेंगे' हे उत्तरही तिच्यातूनच आले. ही वाक्ये त्या त्या वेळी तशीच उच्चारली गेली असे कोणताही चिकित्सक अभ्यासक म्हणणार नाही. होळकरांच्या बाजूच्या कैफियतींत याच प्रसंगांची मांडणी अर्थातच वेगळी आहे, आणि मल्हाररावांवर रणातून निघून गेल्याचा जो ठपका पुण्याकडच्या लेखनात येतो, त्याला तिथे उत्तर मिळते. दोन्ही पक्षांची कागदपत्रे शेजारी ठेवून वाचण्यावाचून गत्यंतर नाही.

बखरी, पोवाडे आणि सांगोवांगी यांची सरमिसळ कशी होते याचा एक नमुना तिथीचा आहे. पानिपत संक्रांतीच्या दिवशी झाले, असे लेखांत, व्याख्यानांत आणि मुलांच्या पुस्तकांतही सर्रास लिहिलेले असते. १४ जानेवारी या तारखेमुळे ते सहज पटते. पण मकरसंक्रांत निरयन (स्थिर ताऱ्यांच्या आधाराने केलेल्या) गणिताची आहे आणि इंग्रजी तारखेच्या मानाने ती सुमारे सत्तर वर्षांत एक दिवस पुढे सरकते. अठराव्या शतकाच्या मध्याला ती १० जानेवारीच्या सुमारास येत असे. दत्ताजी शिंदे बुराडी घाटावर पडले तो दिवस १० जानेवारी १७६०, आणि तो संक्रांतीचा होता. म्हणजे पुढच्या वर्षीची संक्रांत लढाईच्या तीन-चार दिवस आधीच, छावणी उपासमारीने गांजलेली असताना, होऊन गेली होती. दत्ताजींची संक्रांत आणि भाऊंचे पानिपत या एका वर्षाच्या अंतराने घडलेल्या दोन घटना स्मृतीने एकत्र केल्या असाव्यात. आजच्या तारखेने त्या गैरसमजाला पक्के केले.

प्रत्यक्षदर्शींच्या लेखनात दोन नावे महत्त्वाची. काशीराज हा अब्दालीच्या बाजूने लढलेल्या अयोध्येच्या नवाब शुजाउद्दौल्याच्या पदरचा, मुळचा दक्षिणेकडचा ब्राह्मण. त्याने १७८०च्या सुमारास फार्सीत हकीकत लिहिली. जेम्स ब्राउनने तिचे इंग्रजी भाषांतर केले आणि ते अठराव्या शतकाच्या अखेरच्या दशकात छापले गेले. १९२६ साली रॉलिन्सनने ते पुन्हा संपादून काढले. ग्रंथ मराठी नसला तरी पुढचे बहुतेक मराठी लेखन त्याच्यावर उभे आहे. भाऊंचा शिरच्छेद झालेला देह ओळखण्याचा त्यातला प्रसंग वाचवत नाही : पाठीवर कट्यारीच्या जुन्या जखमेचा व्रण, आणि रोजच्या सूर्यनमस्कारांनी गुडघ्यांवर व हातांवर पडलेल्या खुणा. शुजाच्या छावणीत असल्याने काशीराजाला दुसरी बाजू दिसली, हे त्याचे बलस्थान; आपल्या धन्याला तो सांभाळून घेतो, ही त्याची मर्यादा. लढाईला जवळजवळ वीस वर्षे उलटल्यावर आठवणीवरून लिहिलेले आकडे व संवाद त्याच बेताने घ्यावेत.

दुसरे नाव नाना फडणीसांचे. लढाईच्या वेळी ते अठरा वर्षांचे होते; आई व पत्नीसह लष्कराबरोबर उत्तरेत गेले होते. त्यांचे त्रोटक आत्मवृत्त मराठीतल्या आरंभीच्या आत्मचरित्रपर लेखनात गणले जाते. बखरीतली वीरश्री त्यात औषधालाही नाही. भाऊ दिसेनासे झाले, आपण वस्त्रे टाकून पायी निघालो, आई अंतरली, असे एका पोरवयाच्या माणसाचे भेदरलेपण त्यात आहे, आणि ते पुढे राज्य चालवणाऱ्या मुत्सद्द्याने न झाकता लिहून ठेवले आहे. युद्ध म्हणजे काय हे तरुण वाचकाला कळावे असे वाटत असेल, तर या सर्व वाङ्मयात पहिल्याने हेच त्याच्या हाती द्यावे.

छपाईच्या काळात या लेखनाला दुसरा जन्म मिळाला. १८७८ साली सुरू झालेल्या काव्येतिहाससंग्रह या मासिकाद्वारे काशीनाथ नारायण साने यांनी बखरी संपादून वाचकांपुढे आणल्या. भाऊसाहेबांची बखर हस्तलिखितांतून बाहेर पडली ती या पिढीच्या उद्योगाने. पुढे शं. ना. जोशी यांनीही तिचे संपादन केले. त्यानंतर वि. का. राजवाडे यांनी १८९८ साली मराठ्यांच्या इतिहासाची साधने या मालेचा पहिला खंड काढला. १७५० ते १७६१ या काळातली अस्सल पत्रे त्यात आहेत, आणि त्यांना जोडलेली विस्तृत प्रस्तावना स्वतंत्र ग्रंथाच्या तोडीची आहे. बखरींवर भिस्त ठेवून इतिहास लिहिता येणार नाही, हे त्यांनी ठणकावून सांगितले. पराभवाचा दोष मल्हारराव होळकर व उत्तरेतले पेशव्यांचे कारभारी गोविंदपंत बुंदेले यांच्याकडे वळवला. पत्रांचा आग्रह हे राजवाड्यांचे चिरस्थायी कार्य. दोषारोपाचा भाग मात्र नंतरच्या संशोधनाने बराच सौम्य केला आहे, आणि गोविंदपंतांच्या बाबतीत तर तो करायलाच हवा होता. रसद व पैसा जमवताना १७६०च्या डिसेंबरात ते मारले गेले. गो. स. सरदेसाई यांनी संपादलेल्या पेशवे दप्तराच्या ४५ खंडांपैकी (१९३०–३४) दुसरा खंड पानिपतविषयक कागदांचा आहे.

या सगळ्यावरचा मराठीतला सर्वांत कसदार ग्रंथ त्र्यंबक शंकर शेजवलकर यांचा. तो आधी इंग्रजीत १९४६ साली आला आणि लढाईला दोनशे वर्षे पूर्ण होताना, १९६१ साली, मराठीत अवतरला. भूगोल हा शेजवलकरांचा पाया. यमुनेचे पात्र, दिल्लीच्या उत्तरेकडच्या कुंजपुऱ्याची वाट, दिल्लीशी तुटलेला संबंध यांवरून ते निर्णयांचा अर्थ लावतात. उद्धट, हटवादी भाऊ या बखरीने रुजवलेल्या प्रतिमेला त्यांनी नेटाने आव्हान दिले. गोलाची लढाई (सैन्याची बंदिस्त रचना करून तोफखान्याच्या आधाराने लढणे) हा त्यांच्या मते अविचार नव्हता, मराठ्यांच्या तोफखान्याचा प्रमुख इब्राहिमखान गारदी याच्या तोफा व बंदुका हाताशी असलेल्या सेनापतीने केलेली ती विचारपूर्वक निवड होती. शेजवलकरांची भाऊंबद्दलची आत्मीयता कधी कधी युक्तिवादाच्या पुढे धावते. तरीही बखर व पत्र यांत विरोध आला असता पत्राला मान, आणि पत्रे मुकी असतील तिथे भूमीला, हा त्यांनी घालून दिलेला क्रम आजही मागे टाकता आलेला नाही.

ललित लेखनात राम गणेश गडकरी यांचा 'पानपतचा फटका' (फटका हा एक काव्यप्रकार) आधी घ्यावा लागतो. 'कौरव-पांडव-संगर-तांडव द्वापरकाली होय अती, तसे मराठे गिलचे साचे कलींत लढले पानपती' ही ओळ (गिलचे म्हणजे अफगाण) पाठ असलेली मराठी माणसे अजून भेटतात. तिच्यातले कुरुक्षेत्र थेट बखरींतून आले आहे. भूगोलानेही ते पानिपतापासून लांब नाही. गडकऱ्यांचा हा फटका त्यांच्या निधनानंतर १९२१ साली निघालेल्या वाग्वैजयंतीत आहे. आपणच भाऊ आहोत असे सांगत पुढे आलेल्या तोतयाचे प्रकरण (तो १७७६ साली मारला गेला) न. चिं. केळकर यांनी 'तोतयाचे बंड' या नाटकात घेतले. विश्वास पाटील यांची 'पानिपत' ही कादंबरी १९८८ साली प्रसिद्ध झाली व अफाट वाचली गेली. 'रणांगण' हे नाटक तिच्यावरून झाले. प्रौढ वाचकाच्या मनातला आजचा सहानुभूतीचा भाऊ बराचसा या कादंबरीने घडवला. शेजवलकर ज्यांनी कधी उघडले नाहीत, त्यांच्यापर्यंत त्यांचा निष्कर्ष या वाटेने पोचला.

मुलांसाठीचे लेखन संख्येने बरेच असले तरी त्याची नीट सूची वा चिकित्सा झालेली नाही. गोष्टीरूप पुस्तकांचा भर दत्ताजी, विश्वासराव, इब्राहिमखान यांच्या मृत्युप्रसंगांवर असतो आणि संवाद बखरींतले असतात. बालभारतीच्या २०१७च्या सातवीच्या इतिहासपुस्तकात हा विषय 'राष्ट्ररक्षक मराठे' या पाठात येतो. तिथे भाऊंची स्वारी परचक्राच्या प्रतिकाराच्या सूत्रात बसवली आहे, घरगुती कलहाच्या नव्हे. शालेय लेखनात हा बदल स्वागतार्ह आहे.

स्त्रियांविषयी हे वाङ्मय फार थोडे बोलते. लष्कराबरोबर गेलेल्या, मारल्या गेलेल्या वा कैद होऊन अफगाणांच्या हाती पडलेल्या बायकामुलांचे उल्लेख समुदायवाचक आहेत. नावाने येतात त्या पेशवे घराण्यातल्या व सरदारांच्या घरच्या. भाऊंच्या पत्नी, रणातून वाचून परतलेल्या पार्वतीबाई यांनी भाऊंचा मृत्यू अखेरपर्यंत मान्य केला नाही आणि १७८३ साली मरेपर्यंत सौभाग्यलेणी उतरवली नाहीत. पानिपत शहराबाहेर काला आंब येथे लढाईचे स्मारक असून १४ जानेवारीला तेथे महाराष्ट्रातून लोक जातात. त्या दिवशी होणाऱ्या भाषणांत व स्मरणिकांत बखरींतली वाक्येच अधिक उद्धृत होतात, पत्रे क्वचित.