घटिकापात्राचं भोक आणि गारठलेली भाची

माझी आठवीतली भाची लोकलमध्ये बसायला मिळालं की वहीत एक गोष्ट लिहिते. गोष्टीतल्या गावाचं नाव साठघटी. तिथे घरोघरी पाण्याच्या घंगाळात घटिकापात्र तरंगत असतं. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी, पूर्वी लग्नाचा मुहूर्त साधायला ठेवत तशी. वाटी भरून बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं झाली. साठघटीतली जादू अशी, की वाटी एकदा बुडेपर्यंत बाहेर एकच घटका सरते, मग आत काहीही करा. म्हणून तिथले घटिकाकार भोकाला मेण लावून ते आणखी बारीक करतात. वाटी बुडायला दहापट वेळ लागतो आणि घंगाळापासून हातभर अंतरात बसलेल्याला २४ मिनिटांत चार तास मिळतात.

“मामा, गाडीत असं घंगाळ असतं तर ठाण्यापासून दादरपर्यंत सगळा गृहपाठ झाला असता.”

कल्पना इतकी झकास, की तिच्यात खोड काढायचा मोह मला आवरला नाही.

वेळेशी खेळ मुंबईनेही केला आहे. १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ आली, तरी हे शहर पुढे कित्येक वर्षं ३९ मिनिटं मागे असलेला आपला ‘बॉम्बे टाइम’ धरून बसलं. पण ते नुसते काटे होते. उन्हाला आणि भुकेला त्याचा पत्ताही नव्हता. भाचीला काट्यांऐवजी काळच ताणायचा आहे, आणि काळ ताणला की सगळ्यात आधी बिघडतो तो उजेड.

प्रकाशाची लाट सेकंदाला किती वेळा हेलकावते, त्यावर त्याचा रंग ठरतो. बाहेरच्या एका सेकंदात जेवढे हेलकावे येतात, तेवढेच आता घंगाळाभोवतीच्या त्या हातभर जागेत, म्हणजे ताणलेल्या काळाच्या फुग्यात, दहा सेकंदांत वाटले जाणार. म्हणजे तरंगलांबी दहापट. डोळ्यांना दिसणारा ४०० ते ७०० नॅनोमीटरचा उजेड आत ४,००० ते ७,००० नॅनोमीटरचा होऊन पोचतो. हा झाला अवरक्त, डोळ्यांना न दिसणारा. भरदुपारी गृहपाठाला बसलेली पोरगी ठार काळोखात! स्टेशनची घोषणा करणाऱ्या बाईंचा आवाज साधारण २०० हर्ट्‌झचा धरला, तर तो २० वर उतरून नुसती घरघर उरेल. मोबाइलचा ९०० मेगाहर्ट्‌झचा सिग्नल ९० वर येईल, म्हणजे चक्क एफएम रेडिओच्या पट्ट्यात.

काळोखावर बॅटरी हा उपाय आहे. थंडीचं काय करणार? आपल्या भोवतीच्या भिंती, माणसं, छप्पर सतत अवरक्त किरण टाकत असतात. २७ अंश सेल्सिअसची भिंत दर चौरस मीटरला साधारण ४६० वॅट देते. आपली त्वचाही जवळपास तेवढेच बाहेर टाकते, म्हणून हिशेब जुळतो. फुग्यात मात्र प्रकाशकण दहापट सावकाश येतात आणि प्रत्येकाची ऊर्जाही दहावा भाग. ४६० चे उरतात ४.६ वॅट. किरणांच्या तरंगलांबीवरून ती भिंत आता उणे २४३ अंशांची असल्यासारखी भासते. बसलेल्या माणसाचं शरीर जेमतेम १०० वॅट उष्णता तयार करतं. मे महिन्यात, घामट डब्यात, पोरगी चार तासांत गारठून जाईल.

बाहेरच्यांची गत याच्या उलट. तिच्या अंगातून निघालेली ऊब बाहेर पडताना दहापट जोरकस होते. सहप्रवाशांना ती तीन हजार केल्विनला तापलेली, जुन्या पिवळ्या बल्बच्या तारेसारखी दिसेल. दर चौरस मीटरला ५० किलोवॅट! चौथ्या सीटवर टेकलेल्या काकूंचं काय होईल, ते मी भाचीला सांगितलं नाही. बॅटरी लावली तर आणखी पंचाईत, कारण तिचा उजेड बाहेर येताना तीव्र अतिनील होईल आणि हवेतल्या रेणूंचे इलेक्ट्रॉन उडवेल.

यातलं तत्त्व माझ्या पदरचं नाही. उंचावर काळ किंचित भरभर चालतो, त्यामुळे वरून खाली येणारा प्रकाश किंचित जोरकस होतो. हार्वर्डमध्ये पाउंड आणि रेब्का यांनी १९६० मध्ये २२.५ मीटरच्या मनोऱ्यात गॅमा किरण वापरून हे मोजलं. फरक किती? एकावर पंधरा शून्यं इतक्या भागांत अडीच. साठघटीतला फुगा म्हणजे असाच एक डोंगरमाथा, फक्त कुठल्याही ग्रहावर न मावणारा.

लोकलमध्येही काळ बदलतो बरं का, पण नको त्या दिशेने. वेगात असणाऱ्याचं घड्याळ मागे पडतं. ताशी ७२ किलोमीटरने तासभर गेलात तर आठ पिकोसेकंद, तेवढ्यात प्रकाश अडीच मिलिमीटरसुद्धा जात नाही.

भाचीने दादरपर्यंत बरीच खाडाखोड केली. तिचे घटिकाकार आता तळघरात बसतात, म्हणजे गावकरी भाजणार नाहीत. अंगावर घोंगडी, शेजारी कोळशाची शेगडी. मग तिच्याच लक्षात आलं, की चार तासांचा धूर वरच्या गावात २४ मिनिटांत भसाभस बाहेर पडेल आणि तळघराचं गुपित फुटेल. सध्या गोष्ट तिथे अडली आहे.